परकोटालगतचं नझूल घर: पट्टा, नोटीस आणि दुरुस्तीची परवानगी

चंद्रपूरच्या परकोटाच्या, म्हणजे शहराभोवतीच्या जुन्या तटाच्या आत, पठाणपुरा दरवाज्याच्या बाजूला आमचं आजोबांच्या काळचं कवेलूचं, म्हणजे कौलारू घर आहे. घर आमचं, खालची जमीन नझूलची, म्हणजे सरकारने पट्ट्याने दिलेली. २०२२ च्या पावसाळ्यात घराची मागची भिंत कलली. ती नीट बांधून होईपर्यंत २०२५ चा नोव्हेंबर उजाडला. मधल्या काळात नोटीस आली, घरच्यांमध्ये वाद झाला, सुनावण्या झाल्या, मोजणी झाली आणि शेवटी दोन वेगवेगळ्या ठिकाणांहून दोन कागद हातात आले. वकिलांना पट्ट्याचं कळत होतं, आर्किटेक्टला नकाशाचं कळत होतं, पण आधी काय आणि नंतर काय हे आम्हाला कोणी सांगितलं नाही. परकोटालगत अशी शेकडो घरं आहेत आणि विदर्भात इतर ठिकाणीही जुन्या किल्ल्यांच्या, देवळांच्या शेजारी नझूलचे पट्टे आहेत. त्यांच्यासाठी हे लिहिते आहे.

आधी परकोटाविषयी थोडं. गोंड राजा खांडक्या बल्लाळशहाने हे शहर वसवलं अशी आख्यायिका आम्ही लहानपणापासून ऐकतो. परकोटाचं काम पुढे काही पिढ्या चाललं. जटपुरा, बिनबा, पठाणपुरा आणि अचलेश्वर असे चार दरवाजे, मध्ये खिडक्या, म्हणजे लहान दरवाजे, आणि दरवाज्यांवर हत्तीवर स्वार झालेल्या सिंहाचं गोंड राजचिन्ह. १८१८ मध्ये इंग्रजांनी शहर घेतलं तेव्हा लढाई याच भिंतीवर झाली. भिंतीची लांबी सुमारे ११ किलोमीटर आहे आणि ती केंद्रीय संरक्षित स्मारक आहे. देऊळ किंवा कबर संरक्षित असली की तिच्याभोवती एक वर्तुळ पडतं. इथे स्मारकच लांबलचक, शहराला वेढा घालणारं आहे. भिंतीच्या दोन्ही बाजूंना १०० मीटर धरले तर दोन चौरस किलोमीटरहून जास्त वस्ती त्या पट्ट्यात येते. आमचं घर भिंतीपासून इतकं जवळ आहे की मागच्या दारातून दगडांचे थर मोजता येतात.

जुलै २०२२ मध्ये पाऊस थांबेचना. मागच्या खोलीतल्या लाकडी तुळईचं टोक कुजलं, छप्पर खचलं आणि विटामातीची भिंत बाहेरच्या बाजूला झुकली. बाबांनी मिस्त्रीला बोलावलं, विटा आणि सिमेंट आणून टाकलं. कॉलमसाठी खड्डे घेतले, त्याच आठवड्यात पुरातत्त्व विभागाचे कर्मचारी आले. त्यांनी फोटो काढले, काम थांबवायला सांगितलं आणि काही दिवसांनी लेखी नोटीस आली. नोटिशीत १९५८ च्या प्राचीन स्मारक कायद्याचा उल्लेख होता आणि खाली शिक्षेचं कलम होतं: प्रतिबंधित क्षेत्रात विनापरवाना बांधकाम केल्यास २ वर्षांपर्यंत कैद किंवा १ लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. बाबांचं वय ७४. आयुष्यभर शाळेत शिकवलेला माणूस. त्या रात्री ते जेवले नाहीत. "माझ्याच घराची भिंत, बेटा," एवढंच पुन्हा पुन्हा म्हणत राहिले.

अशी नोटीस आली तर पहिली गोष्ट म्हणजे काम खरोखर थांबवा आणि थांबवल्याचं लेखी कळवा. आम्ही दुसऱ्याच दिवशी साध्या कागदावर पत्र दिलं: काम बंद केलं आहे, भिंत पडून जीवाला धोका होऊ नये म्हणून फक्त लाकडी टेकू आणि ताडपत्री लावत आहोत, सोबत फोटो जोडले आहेत. पत्राच्या आपल्या प्रतीवर तारखेसह आवक शिक्का घेतला. पुढे प्रत्येक टेबलावर हा कागद उपयोगी पडला, कारण आमचा हेतू काय होता हे त्यावरून दिसत होतं.

कायदा मी तेव्हा बसून वाचला. संरक्षित हद्दीपासून १०० मीटर हे प्रतिबंधित क्षेत्र आणि त्यापुढचे २०० मीटर हे विनियमित क्षेत्र. अंतर स्मारकाच्या मध्यापासून मोजत नाहीत, संरक्षित हद्दीच्या काठापासून मोजतात. ही आखणी १६ जून १९९२ च्या अधिसूचनेने झाली. पूर्वी १०० मीटरच्या आतही तज्ज्ञ समितीच्या सल्ल्याने बांधकामाला परवानगी मिळे. २००९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने ती पद्धत कायद्यात बसत नाही असं ठरवलं आणि २०१० च्या दुरुस्तीनंतर हे अंतर थेट कायद्यातच आलं. तेव्हापासून प्रतिबंधित क्षेत्रात नवं खाजगी बांधकाम नाही. पुनर्बांधणीही नाही. फक्त १६ जून १९९२ च्या आधीपासून उभ्या असलेल्या, किंवा नंतर पुरातत्त्व विभागाच्या महासंचालकांच्या मंजुरीने बांधलेल्या इमारतीची दुरुस्ती आणि नूतनीकरण करता येतं, तेही सक्षम प्राधिकाऱ्याची, म्हणजे या कायद्याखाली नेमलेल्या अधिकाऱ्याची परवानगी घेऊन.

मला वाटलं, मग सोपं आहे. घर १९९२ च्या कितीतरी आधीचं, दुरुस्तीचा अर्ज करू. अर्जाची तयारी करताना कलम २० ग नीट वाचलं आणि तिथे अडले. विनियमित क्षेत्राबद्दल कायदा म्हणतो, 'मालक किंवा ताबेदार' अर्ज करू शकतो. प्रतिबंधित क्षेत्राबद्दल मात्र फक्त इमारतीच्या मालकाचा उल्लेख आहे. आता आमचं घर कोणाच्या मालकीचं, हे दाखवायला आखीव पत्रिका, म्हणजे जागेचा सरकारी उतारा (प्रॉपर्टी कार्ड) काढली. तिच्यावर धारक म्हणून शासन, पट्टेदार म्हणून आजोबा. आजोबा १९९८ मध्ये वारले. पट्टा ३० वर्षांचा, आणि त्याची मुदत ३१ मार्च २०१५ ला संपलेली.

म्हणजे सात वर्षं आम्ही मुदत संपलेल्या पट्ट्यावर राहत होतो. घरटॅक्स दरवर्षी भरला जात होता, वीजबिल बाबांच्या नावाचं होतं, त्यामुळे कोणाच्या लक्षातच आलं नाही. घरटॅक्सची पावती मालकी दाखवत नाही, जमिनीचा हक्क तर मुळीच नाही. तुमची जमीन नझूलची असेल तर आजच आखीव पत्रिका काढा आणि पट्ट्याची शेवटची तारीख बघा. आमच्याकडची पट्ट्याची मूळ प्रत उधईने खाल्लेली होती. माहितीच्या अधिकारात १० रुपयांचा अर्ज करून पट्टालेखाची प्रत मागितली आणि महिन्याच्या आत मिळाली. त्याच वेळी परकोटाच्या संरक्षणाची अधिसूचनाही माहितीच्या अधिकारात मागवली. हे दोन्ही कागद फाइलच्या अगदी वर ठेवले.

पट्टालेख वाचल्यावर पुढचं चित्र दिसलं. अटी चारच, पण प्रत्येक अट आमच्यावर येत होती. जमीन फक्त राहण्यासाठी वापरायची. आमच्या समोरच्या खोलीत १९९६ पासून टेलरचं दुकान होतं. परवानगीशिवाय हस्तांतरण नाही. वारसांची नोंदच नव्हती. भूभाटक, म्हणजे जमिनीचं सरकारी भाडं, दरवर्षी भरायचं. २०१५ पासून ते भरलेलं नव्हतं. आणि बांधकाम मंजूर क्षेत्रातच हवं. ते क्षेत्र आमच्यापैकी कोणी मोजलेलं नव्हतं.

वकिलांचा सल्ला मिळाला तो इतकाच: आधी वारस नोंद, मग मोजणी, मग नूतनीकरणाचा अर्ज, आणि पट्टा हातात आल्यावर पुरातत्त्वकडे जायचं. मधल्या काळात एका एजंटाने दोन्ही कामं एकदम आणि 'वरून' करून देतो म्हणून ८० हजार मागितले. आम्ही दिले नाहीत. ज्या कामाचा आदेश सहीने निघतो आणि ज्याच्यावर नंतर कोणीही हरकत घेऊ शकतो, ते काम 'वरून' होत नाही असं माझं ठाम मत आहे.

वारस नोंदीचा अर्ज ऑक्टोबर २०२२ मध्ये दिला. मृत्यूचे दाखले, वंशावळीचं प्रतिज्ञापत्र, आखीव पत्रिका, घरटॅक्सचा उतारा. सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक शुल्क माफ असतं, तरी बाहेरचे लोक स्टॅम्पपेपर घ्यायला लावतात. विचारून घ्या. आत्याचं नाव कमी करावं म्हणजे काम लवकर होईल, असं सुचवणारे बरेच भेटले. आत्या वर्ध्याला असते, तिने काही मागितलंही नव्हतं. बाबांनी साफ सांगितलं की तिचं नाव पहिल्या पानावर येईल. मला त्यांचा फार अभिमान वाटला.

हरकत आली ती काकांची. काका नागपूरला असतात. त्यांच्याकडे एका बिल्डरने आमच्या आणि शेजारच्या दोन घरांच्या जागेसाठी बोलणी केली होती. काकांचं म्हणणं होतं की पट्टा वाढवत बसू नका, जमीन एकदाची फ्रीहोल्ड करून घ्या, भोगवटादार वर्ग-१, म्हणजे पूर्ण मालकीची झाली की विकायला मोकळी. त्यांनी लेखी हरकत दिली आणि प्रकरण सुनावणीला लागलं. भावाभावांचं बोलणं थांबलं. २०२२ ची दिवाळी आम्ही ताडपत्रीखालच्या घरात आणि काकांशिवाय केली. भिंतीपेक्षा बाबा त्यानेच जास्त खचले असं मला वाटतं.

या वादात काकांच्या बाजूने एक खरी गोष्ट होती. विदर्भातल्या नझूल जमिनी मालकीहक्काने करून देण्याची तरतूद आहे, त्यासाठी बाजारमूल्यावर ठरावीक टक्के रक्कम भरावी लागते, आणि २०२४ मध्ये नागपूर व अमरावती विभागासाठी विशेष अभय योजना आणून सरकारने ती रक्कम कमीही केली. ज्यांची ऐपत आहे त्यांनी जरूर विचार करावा. पण जमीन कोणाच्या नावावर आहे आणि ती कशाच्या शेजारी आहे, हे दोन अगदी निराळे प्रश्न आहेत. वर्ग-१ झाल्याने १९५८ चा कायदा एक मीटरही मागे सरकत नाही. आमच्या गल्लीत पुष्कळांना अजून वाटतं की जमीन स्वतःची झाली की तीन मजले चढवता येतील. काहींनी २०१८ च्या विधेयकाचं ऐकलेलं असतं, 'कायदा बदलतोय' म्हणतात. त्या विधेयकाला लोकसभेने मंजुरी दिली होती हे खरं, पण ते केंद्र सरकारच्या सार्वजनिक कामांसाठी होतं. कोणाच्या घराच्या मजल्याशी त्याचा संबंध नव्हता, आणि त्याचा कायदा झालाही नाही.

मी काकांना कायद्याचं ते पान पाठवलं. त्यांनी ते बिल्डरला दाखवलं. बिल्डरच्या माणसाने भिंतीपासून अंतर मोजलं आणि मग पुन्हा फोन केला नाही. २०२३ च्या पोळ्याला काका चंद्रपूरला आले, तान्ह्या पोळ्याच्या दिवशी माझ्या मुलाचा लाकडी बैल त्यांनीच सजवला, आणि संध्याकाळी हरकत मागे घेण्याच्या कागदावर सही केली. दोघे भाऊ त्या विषयावर काहीच बोलले नाहीत. त्यानंतर महिन्याभरात बाबा, काका आणि आत्या अशी तिघांची नावं आखीव पत्रिकेवर चढली.

मोजणीचा अर्ज वारस नोंद होताच दिला होता. फी काही हजारांत आली. तारीख मिळायला हिवाळा लागला. भूकरमापक आले, नझूल शीटवरून (नझूल जमिनीच्या सरकारी नकाशावरून) प्लॉटच्या खुणा काढल्या आणि 'क' प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, मिळाली तेव्हा कळलं की घराच्या मागची साधारण दोन मीटर रुंदीची पट्टी आमच्या प्लॉटमध्ये नाही. शीटवर ती भिंतीलगतची शासकीय जागा आहे. त्या पट्टीवर आमचं न्हाणीघर होतं आणि आजीने लावलेला शेवगा.

इथे खूप चर्चा झाली. शेजारच्यांचं मत, सोडू नका, इतक्या वर्षांचा ताबा आहे. वकिलांनी सांगितलं की ताब्यावर भांडता येईल, पण सरकारी जमिनीवर, त्यातही संरक्षित भिंतीला चिकटून, हे भांडण वीस वर्षं चालेल आणि तोवर पट्टाही अडून राहील. मी त्या दिवशी मागे जाऊन भिंतीकडे नीट बघितलं. न्हाणीघराचं सांडपाणी वर्षानुवर्षं तिच्या पायाशी मुरत होतं, दगडांच्या सांध्यांत पिंपळाची मुळं शिरली होती. शहरातल्या इको-प्रो या संस्थेच्या मुलांनी हातात कुदळ-फावडी घेऊन परकोटावरची झुडपं काढली, बुरूज मोकळे केले, हे आम्ही सगळ्यांनी कौतुकाने पाहिलेलं. आपल्या मागच्या दहा पावलांवर आपणही काही केलं पाहिजे असं मला मनापासून वाटलं. बाबांनाही पटलं. न्हाणीघर आम्ही स्वतःहून पाडलं, सांडपाणी नगरपालिकेच्या काळातल्या जुन्या नालीकडे पुढे वळवलं, आणि पाडण्याआधीचे व नंतरचे फोटो तारखेसह फाइलमध्ये लावले. शेवगा तसाच ठेवला. त्याच्या शेंगा आता कोणीही तोडून नेतं.

नूतनीकरणाचा अर्ज जानेवारी २०२४ मध्ये गेला. शर्तभंगाची सुनावणी लागणार हे माहीतच होतं. मार्चमध्ये लोकसभेची आचारसंहिता लागली, १९ एप्रिलला आमच्याकडे मतदान झालं, सगळे कर्मचारी निवडणुकीच्या कामावर. त्यामुळे सुनावणी जूनमध्ये झाली. निवडणुकीचं वर्ष असेल तर हे महिने आधीच हिशोबात धरा, म्हणजे जीव जळत नाही.

सुनावणीत आम्ही काहीच लपवलं नाही. दुकान होतं, भाडं घेत होतो, खोली आठ बाय दहाची आहे, बांधकाम वाढवलेलं नाही, यापुढे निवासी वापरच राहील. लेखी म्हणणं दोन पानांचं दिलं, त्याला मोजणीची 'क' प्रत आणि न्हाणीघर काढल्याचे फोटो जोडले. साहेबांनी फोटो बराच वेळ बघितले. "भिंतीची जागा स्वतःहून सोडली?" असं विचारलं. बाबा म्हणाले, "हो जी, शीटमध्ये नाही आमची." दंड भरून शर्तभंग नियमित करण्याचं ठरलं. दुकानवाल्या भाऊंना खोली सोडायला सांगणं मात्र फार जड गेलं. अठ्ठावीस वर्षं त्यांनी तिथे बसून आमच्या घरातले सगळे कपडे शिवले. त्यांना दोन गल्ल्या पलीकडे जागा मिळेपर्यंत आम्ही मुदत मागून घेतली आणि ती मिळाली. अशी मुदत मागता येते, मागायला संकोच करू नका.

विधानसभेची निवडणूक मध्ये येऊन गेली आणि जानेवारी २०२५ मध्ये नूतनीकरणाचा आदेश निघाला. भूभाटकाची थकबाकी व्याजासह आणि दंड मिळून ९० हजारांच्या आसपास भरले, चलान ग्रास या सरकारी ऑनलाइन भरणा प्रणालीवरून. पट्टा जुनी मुदत संपल्यापासून पुढे ३० वर्षांसाठी वाढला. अभय योजनेतून मालकीहक्क करून घ्यावा का, यावर घरात पुन्हा बोलणं झालं, पण छपरासाठीचे पैसे त्यात गेले असते. आधी भिंत, असं तिघा वारसांनी मिळून ठरवलं. आदेशाची सत्यप्रत हातात घेऊन आम्ही तिथून सरळ महाकालीच्या देवळात गेलो.

फेब्रुवारीत पुरातत्त्वची परवानगी मागितली. अर्ज सक्षम प्राधिकाऱ्याकडे करायचा असतो. कायद्यातला वेळ असा: सक्षम प्राधिकारी १५ दिवसांत अर्ज राष्ट्रीय स्मारक प्राधिकरणाकडे पाठवतो, प्राधिकरण २ महिन्यांत आपली शिफारस कळवतं, त्यानंतर महिन्याभरात निर्णय. शिफारस नकाराची असेल तर सक्षम प्राधिकारी परवानगी देऊ शकत नाही. म्हणून सगळा भर अर्जातल्या मजकुरावर द्यायचा. आणखी एक. तुमच्या शेजारचं स्मारक केंद्राचं आहे की राज्याचं हे आधी पक्कं करा, कारण महाराष्ट्रातल्या राज्य संरक्षित स्मारकांना १९६० चा वेगळा कायदा आहे.

आमच्या आर्किटेक्टने पहिल्या मसुद्यात 'मागील भिंतीची पुनर्बांधणी व आरसीसी स्लॅब' असं लिहिलं होतं. त्या एका ओळीने अर्ज बाद झाला असता. कायद्यात पुनर्बांधणी म्हणजे इमारत त्याच लांबी-रुंदी-उंचीत पुन्हा उभी करणं, आणि प्रतिबंधित क्षेत्रात तिला जागा नाही. दुरुस्ती म्हणजे आहे त्या इमारतीतले बदल. आम्ही प्रत्येक खोलीचं काम वेगळं लिहिलं. कुजलेल्या तुळया आणि वासे बदलणे. कवेलू उतरवून पुन्हा शाकारणे. भिंतीचा फक्त कललेला भाग उतरवून त्याच जागी, त्याच जाडीत आणि त्याच उंचीत पुन्हा रचणे. आतल्या मोरीच्या जागी न्हाणीघर करणे. उंची वाढणार नाही, जोतं वाढणार नाही, खोदकाम होणार नाही. सोबत सध्याच्या घराचा आणि दुरुस्तीनंतरच्या घराचा, असे दोन छेदनकाशे शेजारी शेजारी काढले, म्हणजे उंची तीच आहे हे बघणाऱ्याला लगेच दिसावं.

स्लॅब नाही म्हटल्यावर बाबा दोन दिवस गप्प होते. निवृत्तीच्या पैशातून स्लॅब टाकायचा हे त्यांचं जुनं स्वप्न. चंद्रपूरच्या उन्हाळ्यात, पारा ४६ च्या वर जातो तेव्हा, कवेलूखाली जास्त गार वाटतं हे तेच आम्हाला सांगायचे. तरी स्वप्न ते स्वप्न. मी त्यांना समजावलं नाही, वेळ दिला.

घर १९९२ च्या आधीचं आहे याचा पुरावा हा अर्जाचा कणा. आमच्याकडे तीन गोष्टी होत्या: नगर परिषदेच्या काळातला कर आकारणी नोंदवहीचा उतारा, जुनी नझूल शीट आणि १९८५ चा पट्टालेख, ज्यात 'इमारतीसह' असा शब्द होता. चंद्रपूरची महानगरपालिका २०११ मध्ये झाली, जुन्या नोंदवह्या त्याआधीच्या आहेत. उतारा मागताना साल आणि घर क्रमांक दोन्ही लिहून द्या. नुसतं नाव सांगितलं तर शोधणाऱ्याला फार कठीण जातं. मालकीच्या रकान्यात आम्ही लिहिलं: इमारत अर्जदारांच्या मालकीची, जमीन शासनाची, पट्टा अमुक तारखेच्या आदेशाने नूतनीकृत. सोबत आदेश, तिघांच्या सह्या. पट्टा जिवंत नसता तर हा रकाना आम्हाला भरता आला नसता.

मार्चच्या शेवटी पुरातत्त्वचे कर्मचारी पाहणीला आले. संरक्षित हद्दीपासूनचं अंतर मोजलं, घराचे चारी बाजूंनी फोटो घेतले. २०२२ मध्ये ज्यांनी काम थांबवलं होतं त्यांच्यापैकी एकजण होते. न्हाणीघराची मोकळी जागा बघून म्हणाले, "हे फार बरं केलं, मॅडम." भिंतीचा पाया कसा ओलीने फुगतो हे त्यांनी तिथेच उभं राहून आम्हाला दाखवलं. इतकी वर्षं त्या भिंतीशेजारी राहून आम्हाला ते माहीत नव्हतं. एक त्रुटी निघाली, आत्याच्या आधार कार्डावरचं नाव आणि आखीव पत्रिकेवरचं नाव जुळत नव्हतं. दोन्ही नावांची व्यक्ती एकच असल्याचं प्रतिज्ञापत्र दिलं. जूनच्या अखेरीस परवानगी आली.

परवानगीचं पत्र नीट, ओळ न ओळ वाचा आणि त्याची एक प्रत मिस्त्रीला समजावून सांगा. आमच्या पत्रात अटी होत्या: मंजूर उंचीच्या वर काहीही नाही, काम सुरू करण्याआधी स्थानिक कार्यालयाला कळवायचं, मलबा किंवा साहित्य परकोटाला टेकवून ठेवायचं नाही. पाऊस असल्याने दसऱ्याला काम सुरू केलं. लाकडाला सर्वात जास्त पैसे लागले. जुन्या मापाचे कवेलू मिळेनात, तेव्हा पाडलेल्या घरांतून जमवले. चांगले साबूत निवडून समोरच्या उतारावर लावले. मागच्या भिंतीचा कललेला भाग उतरवताना जुन्या विटा जपून काढल्या आणि त्याच पुन्हा वापरल्या. दुरुस्तीला साडेचार लाखांच्या वर गेले. आर्किटेक्ट, वकील, नकाशे, मोजणी यांचे मिळून ६० हजारांच्या आसपास. पट्ट्याचे ९० हजार वेगळे. गावात कोणी आकडा विचारला तर मी हे असेच सांगते, कारण आम्हाला कोणी सांगितले असते तर आम्ही तीन वर्षांत थोडे थोडे बाजूला टाकले असते.

नोव्हेंबरमध्ये काम संपल्याचं पत्र फोटोंसह दिलं आणि आवक क्रमांक घेतला. २०२२ च्या नोटिशीचं प्रकरण बंद झाल्याचं लेखी उत्तर मिळावं म्हणून वेगळा अर्ज केला आहे. त्याचं उत्तर यायचं आहे. पट्टा आता ३१ मार्च २०४५ पर्यंत आहे. पुढच्या भूभाटकाची तारीख माझ्या, काकांच्या आणि आत्याच्या मुलाच्या, अशा तिघांच्या फोनमध्ये टाकली आहे. आमच्या ओळीतल्या आणखी दोन घरांनी या महिन्यात आखीव पत्रिका काढल्या. एकाचा पट्टा २०११ मध्येच संपलेला निघाला. त्यांच्या वारस नोंदीचा अर्ज लिहून द्यायला येत्या रविवारी मी जाणार आहे.